मोगलाईबाहेरची काँग्रेस

हैदराबाद स्टेट काँग्रेसवर निजाम सरकारने ७ सप्टेंबर १९३८ रोजी बंदी घातली, तेव्हा तो पक्ष अजून जन्माला यायचा होता. हंगामी समिती नेमलेली होती, सभासद नोंदणी चालू होती, रीतसर स्थापना अगदी तोंडावर आली होती, आणि तेवढ्यात हुकूम निघाला. सरकारचे म्हणणे थोडक्यात असे की ही संघटना जातीय आहे आणि ती राज्याबाहेरच्या सूत्रधारांच्या तंत्राने चालणार आहे. जो पक्ष अजून चाललाच नव्हता तो कोणाच्या तंत्राने चालेल, हे सरकारने आधीच ठरवून टाकले होते. दहा वर्षांनी, १९४८ च्या उन्हाळ्यात, याच पक्षाचे कार्यालय सोलापुरात होते, त्याचे कार्यकर्ते बार्शी तालुक्याच्या सरहद्दीवर बंदुका चालवायला शिकत होते, त्याचा पैसा आणि हत्यारे निजामाच्या हद्दीबाहेरून येत होती आणि त्याचे अध्यक्ष निजामाच्या तुरुंगात होते. १९३८ च्या आरोपपत्रातले ‘बाहेरचा पक्ष’ हे कलम १९४८ मध्ये अक्षरशः खरे ठरले होते. ते खरे कशामुळे ठरले, हा या प्रस्तावनेचा प्रश्न आहे, आणि माझे उत्तर असे आहे की ते बंदीनेच खरे केले. स्टेट काँग्रेस मुळात बाहेरची नव्हती. तिला बाहेर घालवण्यात आले, आणि बाहेर राहिल्यामुळे तिच्यात जे बदल झाले त्यांची किंमत १९४८ नंतर मराठवाड्याने चुकवली.

हैदराबाद संस्थान, बोलीभाषेतली मोगलाई, म्हणजे ८२ हजार चौरस मैलांचे आणि १९४१ च्या शिरगणतीप्रमाणे सुमारे १ कोटी ६३ लाख वस्तीचे राज्य. त्याचे नाणे वेगळे (हाली सिक्का), टपाल वेगळे, रेल्वे वेगळी, करोडगिरीचे नाके वेगळे. तेलुगू, मराठी आणि कानडी बोलणाऱ्या प्रजेचा कारभार उर्दूतून चाले. सभा घ्यायची तर आधी परवानगी काढावी लागे. ‘गश्ती निशाण ५३’ हे त्याबद्दलचे परिपत्रक त्या काळच्या प्रत्येक कार्यकर्त्याला तोंडपाठ होते. अशा राज्यात राजकारण सरळ नावाने करता येत नसल्यामुळे ते भाषेच्या आडोशाने सुरू झाले. आंध्र महासभा आधीपासून होती. महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन १९३७ मध्ये परतूरला गोविंदराव नानल यांच्या अध्यक्षतेखाली भरले. कानडी भागाचीही परिषद झाली. या तीन प्रवाहांना एकत्र आणणारी, हिंदू-मुसलमान दोघांना खुली असलेली राजकीय संघटना म्हणजे स्टेट काँग्रेस. तिची मागणी काय होती, हे आज बहुतेकांच्या लक्षात नसते. निजामाला हटवा असे ती म्हणत नव्हती, भारतात विलीन व्हा असेही म्हणत नव्हती. निजामाच्या छत्राखाली जबाबदार राज्यपद्धती, एवढेच तिचे मागणे होते. मवाळ म्हणावे असे हे मागणे आहे. पुढच्या पिढीच्या भाषणांत ते कोणी फारसे आठवत नाही, कारण मुक्तिसंग्रामाच्या रोमांचक कथेत ते बसत नाही.

बाहेरच्या सूत्रांबद्दल पाहिले तर बंदीच्याच वर्षी, १९३८ च्या फेब्रुवारीत, हरिपुरा अधिवेशनात राष्ट्रीय काँग्रेसने संस्थानांतल्या लढ्यांपासून आपले नाव दूर ठेवण्याचे धोरण घेतले होते. संस्थानी प्रजेने आपला लढा स्वतंत्र संघटना उभारून, आपल्या बळावर लढावा, असा त्या ठरावाचा आशय होता. म्हणजे ज्या सूत्रधारांची निजाम सरकारला भीती होती ते स्वतःच सूत्र हातात घ्यायला नाखूश होते. पुढे वाटाघाटींत स्टेट काँग्रेसने ‘काँग्रेस’ हा शब्दही सोडायची तयारी दाखवली आणि ‘हैदराबाद नॅशनल कॉन्फरन्स’ हे नाव सुचवले. तरीही बंदी उठली नाही. आक्षेप नावाला असता तर तो तिथेच मिटला असता.

इथे पहिला गंभीर प्रतिवाद उभा राहतो, आणि तो सोलापुरातूनच येतो. डिसेंबर १९३८ मध्ये आर्य समाजाची मोठी परिषद सोलापुरात लोकनायक अणे यांच्या अध्यक्षतेखाली भरली आणि हैदराबादेत सत्याग्रह करण्याचा निर्णय तिथे झाला. देशभरातून जथे येऊ लागले. हिंदुमहासभेचाही सत्याग्रह त्याच सुमारास चालू होता. मागण्या धार्मिक स्वातंत्र्याच्या होत्या आणि त्यांत तथ्यही होते. पण जथे बाहेरून येत होते, हे नाकारता येत नाही. निजाम सरकारच्या जागी कोणीही असते तरी त्याला हे तिन्ही सत्याग्रह एकाच माळेचे मणी वाटले असते, असा युक्तिवाद केला जातो. तो अगदीच पोकळ नाही. स्टेट काँग्रेसच्या सत्याग्रहाची सुरुवात २४ ऑक्टोबर १९३८ ला गोविंदराव नानल यांच्या नेतृत्वाखाली झाली होती. त्याच महिन्यांत तेच रस्ते, तेच तुरुंग, पुष्कळदा तेच प्रेक्षक. सामान्य माणसाला फरक कळणे कठीणच होते. परंतु फरक करण्याची जबाबदारी ज्याची होती त्या पक्षाने तो केला. २४ डिसेंबर १९३८ रोजी, म्हणजे बरोबर दोन महिन्यांनी, गांधीजींच्या सल्ल्यावरून स्टेट काँग्रेसने आपला सत्याग्रह तहकूब केला; धार्मिक चळवळींशी आपली सरमिसळ होऊ नये हे त्यामागचे मुख्य कारण. वर्ध्याहून आलेल्या सल्ल्यावर पक्ष थांबला, तेव्हा सूत्रे बाहेरच होती, असे यावर कोणी म्हणेल. म्हणावे, पण त्या सूत्राने ओढले ते मागे, संयमाकडे. सरकारला खरोखर जातीय आणि राजकीय यांच्यात निवड करायची असती तर तिच्यासाठी याहून सोयीचा क्षण मिळणार नव्हता. सरकारने तो क्षण घालवला. आर्य समाजाचा सत्याग्रह १९३९ च्या ऑगस्टमध्ये तडजोडीने संपला. सत्याग्रह थांबवून बसलेल्या स्टेट काँग्रेसवरची बंदी मात्र १९४६ च्या जुलैपर्यंत कायम राहिली.

ती पावणेआठ वर्षे या कथेचा गाभा आहेत, आणि मुक्तिसंग्रामाच्या लेखनात नेमकी तीच चार-सहा पानांत आटोपली जातात. बंदी असलेला पक्ष मरत नाही, तो दुसऱ्या घरांत राहायला जातो. मराठवाड्यात ही घरे म्हणजे राष्ट्रीय शाळा आणि वाचनालये. हिप्परग्याची शाळा, अंबाजोगाईची योगेश्वरी, औरंगाबादची सरस्वती भुवन, सेलूचे नूतन विद्यालय: या संस्थांचे शिक्षक आणि विद्यार्थी वगळले तर मराठवाड्यातल्या स्टेट काँग्रेसची यादी निम्मीसुद्धा उरत नाही. स्वामी रामानंद तीर्थ स्वतः हिप्परग्याला आणि मग अंबाजोगाईला शिक्षक होते. विजापूर जिल्ह्यातल्या सिंदगीत जन्मलेले व्यंकटेश खेडगीकर. कामगार पुढारी ना. म. जोशी यांच्याजवळ काम केलेले. संन्यास घेऊनही राजकारणात उतरलेले. शाळेतून पक्ष चालवण्याचा फायदा असा की निष्ठावंत तरुण तयार होतात. तोटा तितकाच मोठा आहे. शाळेत येणारा मुलगा बहुधा गावातल्या लिहित्या-वाचत्या घरचा असतो. कूळ, सालगडी, विणकर, मुसलमान कारागीर, महार-मांग वस्ती यांच्यापर्यंत उघडपणे जाण्याचे साधन म्हणजे सभा, आणि सभेवरच बंदी. १९३८ च्या अखेरीस उस्मानिया विद्यापीठात ‘वंदे मातरम्’ गाण्यावरून विद्यार्थ्यांना काढून टाकले गेले, त्यांतले कितीतरी नागपूरला शिकायला गेले, पी. व्ही. नरसिंह राव त्यांच्यापैकीच एक. म्हणजे राज्यातली सर्वांत चळवळी पिढी सरकारने आपल्याच हातांनी हद्दीबाहेर नेऊन ठेवली. दरम्यान १९३९ मध्ये ज्या राजकीय सुधारणा जाहीर झाल्या त्यांत विधिमंडळात हिंदू आणि मुसलमानांना समसमान जागा होत्या. लोकसंख्येत हिंदू ऐंशी टक्क्यांच्या वर आणि मुसलमान बारा-तेरा टक्के असताना. या वाटणीवर खुली चर्चा होऊन काही तोडगा निघाला असता की नाही, हे सांगणे कठीण. चर्चा करायला कायदेशीर पक्षच नव्हता. इत्तेहादुल मुसलमीन ही मुसलमानांची राजकीय संघटना मात्र मोकळी होती. राज्यातल्या मुसलमान तरुणासमोर जवळजवळ एक दशक एकच संघटित राजकीय भाषा होती, आणि तिचा शेवट लातूरचा वकील कासिम रझवी याच्या रझाकार या सशस्त्र स्वयंसेवक दलात झाला.

बंदी उठली जुलै १९४६ मध्ये. १५ ऑगस्ट १९४७ ला स्वामीजींनी हैदराबादेत तिरंगा फडकवला आणि त्यांना अटक झाली. मधले जेमतेम तेरा महिने हाच या पक्षाचा उजेडातला सगळा आयुष्यकाळ. त्या तेरा महिन्यांत त्याने स्वामीजींना अध्यक्ष निवडले, जून १९४७ मध्ये हैदराबादेत मुशीराबादला पहिले खुले अधिवेशन घेतले आणि मागणी बदलली. निजामाने ११ जून १९४७ ला स्वतंत्र राहण्याचे फर्मान काढल्यावर ‘छत्राखाली जबाबदार राज्यपद्धती’ या शब्दांना अर्थच उरला नव्हता. आता मागणी होती भारतात सामील होण्याची. ऑगस्टनंतर कागदोपत्री काहीही असो, हैदराबाद राज्यात राहून पक्ष चालवणे अशक्य झाले. निजाम आणि भारत सरकार यांच्यातल्या नोव्हेंबरच्या जैसे थे करारानंतर स्वामीजी सुटले, पण २६ जानेवारी १९४८ ला पुन्हा आत गेले ते सप्टेंबरपर्यंत. बाहेर काम बघायला दिगंबरराव बिंदू यांच्या अध्यक्षतेखाली कृती समिती नेमली गेली. गोविंदभाई श्रॉफ यांच्यासारखे तरुण डावे तीत होते. राज्याच्या चारी बाजूंना भारतीय मुलखात ठाणी उघडली, आणि मराठवाड्याच्या दक्षिण भागाचे ठाणे झाले सोलापूर.

सोलापूरच का, याचे उत्तर नकाशात अर्धेच सापडते. सोलापूर हे गिरण्यांचे शहर. मराठी, कानडी, तेलुगू आणि उर्दू या चारही भाषा इथल्या पेठांत रोज कानावर पडतात. तेलंगणातून आलेल्या पद्मशाली विणकरांची वस्ती इथे पिढ्यांपासूनची. निजामाच्या राज्यातला कोणताही माणूस इथे परका दिसत नव्हता, आणि लपून काम करणाऱ्या पक्षाला याहून मोठी सोय कोणती. शिवाय १९३० च्या मार्शल लॉचा आणि त्यानंतर फाशी गेलेल्या चार हुतात्म्यांचा वारसा शहराला होता. जिल्ह्याच्या पूर्वेला हद्द म्हणजे नदी नव्हे, डोंगर नव्हे, दोन शेतांमधला बांध. बार्शीकडचा शेतकरी सकाळी इंग्रजी हद्दीत आणि दुपारी मोगलाईत असे. मोगलाईची काही गावे ब्रिटिश मुलखात घुसलेली, काही ब्रिटिश गावे मोगलाईने वेढलेली. बार्शी लाइट रेल्वेची अरुंद गाडी मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी असे करत थेट रझवीच्या लातुरात शिरत होती. जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला, अकलूज-माळशिरसकडे, हे काहीच नव्हते. तिथे नीरेचा कालवा, ऊस आणि माळीनगरच्या कारखान्याची धुराडी, मोगलाई दूर. एकाच जिल्ह्याच्या पूर्वेला एक पक्ष परागंदा होऊन राहत असताना पश्चिमेला त्याची चाहूलही नसावी, यात आश्चर्य नाही. परंतु त्यामुळे आजही १७ सप्टेंबर हा मुक्तिदिन मराठवाड्याचा मानला जातो, सोलापूर जिल्ह्याचा नाही, हे मात्र इतिहासाला धरून नाही. तो पक्ष ज्या ओसरीवर राहिला ती ओसरी या जिल्ह्याची होती.

सोलापुरात राहणे याला परागंदा होणे म्हणायचे का, अशी शंका रास्त आहे. माणसे त्याच भाषेची, पावणेरावळे दोन्हीकडे, घर वीस कोसांवर. बर्लिन किंवा सॅन फ्रान्सिस्कोत बसून काम करणाऱ्या गदर पक्षाच्या पांडुरंग खानखोज्यांशी याची तुलना कशी व्हावी? मला वाटते, परागंदा असण्याची कसोटी अंतर नव्हे, आश्रय ही आहे. ज्या सरकारच्या मुलखात तुम्ही राहता त्याला तुमच्या लोकांनी निवडलेले नाही, आणि त्याच्या सोयीने तुम्हाला वागावे लागते, ही ती अवस्था. स्टेट काँग्रेसची अवस्था तंतोतंत हीच होती. मुंबई सरकारने आणि दिल्लीने पक्षाच्या सरहद्दीवरच्या कॅम्पांकडे कधी मदतीने पाहिले, कधी डोळेझाक केली, कधी हात आखडला. जैसे थे करार चालू असेपर्यंत भारत सरकारला उघडपणे हात वर करायचे होते. हैदराबादेत भारताचे प्रतिनिधी म्हणून कन्हैयालाल मुन्शी जानेवारी १९४८ पासून बसले होते आणि त्यांचा हिशेब दिल्लीच्या धोरणाचा होता. गोव्याची नॅशनल काँग्रेस काही वर्षांनी बेळगाव-मुंबईहून काम करताना याच फासात अडकली: १९५५ च्या सप्टेंबरात भारत सरकारने सामूहिक सत्याग्रहालाच मनाई केली आणि बाहेरच्या पक्षाच्या हातातले मुख्य साधन एका निर्णयासरशी गेले. स्टेट काँग्रेसच्या नशिबाने दिल्लीचे हित आणि तिचे हित १९४८ मध्ये एका दिशेला वळले. ते वळले नसते तर काय झाले असते, याचे उदाहरण गोव्याने दाखवले आहे.

कॅम्पांत पक्ष बदलला. कॅम्प म्हणजे सरहद्दीवरच्या गावातला वाडा, धर्मशाळा किंवा मळा. पंचवीस-पन्नास तरुण, थोडी हत्यारे, बरीच जिद्द, आणि हैदराबाद राज्यातून निर्वासित होऊन आलेल्या कुटुंबांचा सतत ओघ. कामे ठरलेली: करोडगिरीचे नाके जाळणे, शिंदीची झाडे तोडून सरकारचे अबकारी उत्पन्न बुडवणे, लेव्हीचे धान्य वसूल होऊ न देणे, पाटील-पटवाऱ्यांचे दप्तर पळवणे, रझाकारांच्या टोळ्यांना गाठणे. नांदेड जिल्ह्यात उमरीच्या बँकेवर ३० जानेवारी १९४८ ला, म्हणजे गांधीहत्येच्याच दिवशी, छापा पडला. गांधीजींच्या सल्ल्यावर सत्याग्रह थांबवणाऱ्या पक्षाने दहा वर्षांत हा पल्ला गाठला होता. यात कार्यकर्त्यांच्या धैर्याला कमी लेखण्याचा हेतू नाही. रझाकारांचा जुलूम खरा होता, गावे जळत होती, आणि हात बांधून बसणे हा पर्याय कोणीही सुचवला नसता. मुद्दा कारणांच्या क्रमाचा आहे. सभा, सभासद, निवडणूक, वाटाघाट ही साधने काढून घेतली की पक्षाजवळ उरतात ती माणसे आणि राग. दक्षिण आफ्रिकेत आफ्रिकन नॅशनल काँग्रेसवर एप्रिल १९६० मध्ये बंदी आली आणि डिसेंबर १९६१ मध्ये तिच्या सशस्त्र शाखेने पहिले स्फोट घडवले. अर्धशतक अर्ज-विनंत्यांत घालवलेल्या पक्षाला तिथे दोन वर्षेही लागली नाहीत. कॅम्प रझाकारांमुळे निघाले, बंदीमुळे नव्हे, असे म्हणणाऱ्यांना माझे एवढेच सांगणे आहे की रझाकार वाढले ती जागासुद्धा बंदीनेच मोकळी करून ठेवली होती.

सर्वांत मोठा आक्षेप लष्कराचा. १३ सप्टेंबर १९४८ ला मेजर जनरल जयंतनाथ चौधरी यांच्या फौजा सोलापूरहून निघाल्या, पहिल्याच दिवशी नळदुर्ग पडला आणि १७ तारखेला निजामाने शस्त्रे खाली ठेवली. पाच दिवसांचे काम. मग वर्षभर बांधांवर चाललेल्या चकमकींनी काय साधले? लष्करी हिशेबाने पाहिले तर थोडेच. पण फौजा पाठवण्याचा निर्णय लष्करी हिशेबाने झाला नव्हता. निजामाने ऑगस्टमध्ये सुरक्षा परिषदेकडे धाव घेतली होती. भारत एका स्वतंत्र राष्ट्रावर दडपण आणत आहे, असे त्याचे म्हणणे. दुसऱ्या बाजूला भारताला दाखवायचे होते की राज्याची प्रजाच या राजवटीखाली राहायला तयार नाही. २२ मे रोजी गाणगापूर स्टेशनात आगगाडीवर झालेला हल्ला, जुलैत बार्शी-सोलापूर रस्त्यावरच्या नानजजवळ भारतीय जवानांवर झालेला गोळीबार अशी प्रकरणे दिल्लीने जगापुढे मांडली, पण ती अत्याचाराचा पुरावा होती, लोकेच्छेचा नव्हे. लोकेच्छेचा पुरावा म्हणजे तुरुंगातले हजारो सत्याग्रही, सरहद्दीवरचे निर्वासित आणि ‘आम्ही हैदराबादचे, आम्हाला भारतात यायचे आहे’ असे म्हणणारी एक हैदराबादी संघटना. ती संघटना नसती तर सप्टेंबर १९४८ ची कारवाई केवळ मोठ्या शेजाऱ्याने लहान शेजाऱ्याला गिळल्यासारखी दिसली असती. परागंदा पक्षाचे खरे काम बहुतेक वेळा इतकेच असते, आणि ते लहान नाही.

मात्र या कामाची दुसरी बाजू सांगितल्याशिवाय पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. सप्टेंबरच्या त्या कारवाईनंतरच्या, म्हणजे पोलीस ॲक्शननंतरच्या, आठवड्यांत मराठवाडा आणि कर्नाटक भागात मुसलमानांच्या ज्या कत्तली झाल्या त्यांची पाहणी पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफार यांनी केली. त्यांचा अंदाज किमान २७ ते ४० हजार मृत्यूंचा होता. सर्वांत वाईट स्थिती उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड या जिल्ह्यांची. राज्याबाहेरून, सोलापूरसारख्या शहरांतून, आलेल्या सशस्त्र जातीय संघटनांच्या माणसांचा त्यांच्या अहवालात उल्लेख आहे, आणि शेजाऱ्यांना वाचवणाऱ्या हिंदूंचाही. हा अहवाल कित्येक दशके दडवला गेला. याचा दोष स्टेट काँग्रेसच्या माथी मारणे अन्यायाचे होईल. ती तिची योजना नव्हती आणि तिचे अध्यक्ष तर तुरुंगातून नुकतेच सुटत होते. तरीसुद्धा हिंदू-मुसलमान दोघांचा म्हणून निघालेला पक्ष त्या आठवड्यांत गावोगाव उभा का राहू शकला नाही, हा प्रश्न टाळता येत नाही. माझे उत्तर पुन्हा तेच. ज्या पक्षाला आठ वर्षे मुसलमान मोहल्ल्यात सभा घेता आली नाही आणि दहावे वर्ष ज्याने सरहद्दीपलीकडून गाव न्याहाळण्यात घालवले, त्याला गावातला रझाकार आणि गावातला पिंजारी यांच्यातला फरक माहीत असला तरी तो फरक लोकांकडून पाळून घेण्याइतके वजन त्याच्याजवळ नव्हते. ‘इमरोज’चे संपादक शोएबुल्ला खान यांच्यासारखे मुसलमान, ज्यांनी हैदराबादेत बसून सामिलीकरणाच्या बाजूने लिहिले आणि ऑगस्ट १९४८ मध्ये त्यासाठी प्राण दिले, ते या पक्षाला एरवी शेकड्यांनी मिळू शकले असते. बंदीने मिळू दिले नाहीत.

राज्य न सोडलेल्यांशी तुलना केली की हे अधिक स्पष्ट होते. कम्युनिस्टांवरही निजामाने बंदी घातली होती, पण ते तेलंगणाच्या खेड्यांत राहिले. जमीन, वेठ आणि देशमुखांचा जाच हे त्यांचे प्रश्न होते आणि गावोगावच्या संघम-समित्या हे त्यांचे घर. त्यांच्या हिंसेचे समर्थन मी करणार नाही. पण १९५२ च्या पहिल्या निवडणुकीत, पक्षावर बंदी असतानाही, पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटच्या नावाने त्यांनी हैदराबाद विधानसभेच्या १७५ पैकी ४२ जागा घेतल्या आणि रावी नारायण रेड्डी नलगोंड्यातून लोकसभेवर प्रचंड मतांनी निवडून आले. काँग्रेसने ९३ जागा जिंकल्या, म्हणजे परागंदा पक्ष हरला असे मुळीच नाही. पण सत्तेत कोण बसले पाहा: मुख्यमंत्री झाले मवाळ गटाचे बुर्गुला रामकृष्णराव. कृती समितीचे बिंदू गृहमंत्री झाले. स्वामीजी लोकसभेत गेले, आणि गोविंदभाई तोवर पक्षापासून दूर झाले होते. तुरुंगातले, कॅम्पातले आणि हैदराबादेत टिकून राहिलेले असे तीन काँग्रेसवाले एकाच नावाखाली एकत्र आले होते, आणि त्यांच्यात तीन वेगळे पक्ष होते. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्याचेच तीन तुकडे झाले तेव्हा या पक्षाला स्वतःचा म्हणावा असा प्रांतही उरला नाही.

या विषयाच्या साधनांबद्दल एक सावधगिरी सांगायला हवी. लपून चालणारा पक्ष कागद ठेवत नाही. ठेवले तर जाळतो. त्यामुळे स्टेट काँग्रेसचा इतिहास मोठ्या प्रमाणावर आठवणींवर उभा आहे: स्वामीजींच्या, अनंत भालेरावांच्या आणि त्यांच्या सोबत्यांच्या. या आठवणी मोलाच्या आहेत, पण त्या आतल्या माणसांच्या आहेत. नंतरच्या काळात सरहद्दीवरच्या कॅम्पांची सरकारी यादी झाली, आणि स्वातंत्र्यसैनिकांच्या निवृत्तिवेतनासाठी त्या यादीतला एखादा कॅम्प दाखवणे पुरे ठरू लागले. बीड जिल्ह्यातल्या बनावट स्वातंत्र्यसैनिकांचे प्रकरण २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. म्हणून एखाद्या कॅम्पातली संख्या, एखाद्या चकमकीतले मृत, एखाद्या छाप्यातली रक्कम वाचताना तो आकडा कोणत्या वर्षी आणि कशासाठी लिहिला गेला हे आधी पाहावे. निजाम सरकारच्या उर्दू दप्तरात याच घटनांची उलट बाजू आहे, आणि मराठीतल्या अभ्यासकांनी ती अजून पुरेशी वाचलेली नाही. सोलापूरच्या बाजूने, म्हणजे ज्या गावांनी या माणसांना भाकरी दिली आणि त्यांच्यामुळे रझाकारांचे छापेही सोसले त्या गावांच्या बाजूने लिहिलेले तर फारच थोडे आहे. पुढच्या पानांचा वाचक तिथून सुरुवात करील तर त्याला अध्यक्ष, ठराव आणि तारखा यांच्याआधी बांध, नाका आणि वाडा दिसतील.